पाटल्या सोडवायच्या आहेत : मालिका आवरतानाच्या नोंदी

४ जुलै २०२४, गुरुवार

पालख्या परवा पुण्यातून पुढे गेल्या. रस्ते मोकळे झाले, आता आठवडाभर खाली मान घालून लिहू, असं ठरवून बसले होते. गुरुवारी बार्कचे, म्हणजे मालिका किती जणांनी पाहिली त्याचे आकडे येतात, त्यामुळे दुपारी ईपींचा, म्हणजे कार्यकारी निर्मात्यांचा फोन येणार हे धरलेलंच असतं. आज आवाजावरूनच कळलं. मालिका १० ऑगस्टला बंद. आमच्या वेळेला लागणाऱ्या नव्या मालिकेचा प्रोमो सोमवारपासून दिसेल. युनिटला उद्या सांगतील, तोवर कुणाशी बोलू नका म्हणाले.

हिशोब मांडला. आज ५१२ वा भाग लागेल. शूटिंग ५१७ पर्यंत झालंय, माझं लिखाण ५२० पर्यंत. आठवड्याला सहा भाग धरले तर १० ऑगस्टच्या शनिवारी ५४४ वा लागतो. म्हणजे हातात २४ भाग आहेत.

नोव्हेंबर २०२२ पासून हे घर मी रोज लिहितेय. पटकथा आणि संवाद दोन्ही माझ्याकडे, कथाविस्तार मुंबईहून येतो. तेवीस वर्षांत माझ्या पाच मालिका बंद झाल्या. त्यातल्या दोन अशा गुंडाळल्या, की आजही कुणी विषय काढला की मला खाली बघावं लागतं. एकीत परदेशी गेलेला मुलगा परत आलाच नाही आणि शेवटच्या भागात त्याचं कुणी नावही घेतलं नाही. या वेळी तसं होऊ द्यायचं नाही. त्यासाठीच ही नोंदवही रोज लिहिणार आहे.

५ जुलै

कपाटातून देण्यांची वही काढली. अप्पा बळवंत चौकातली दोनशे पानी. प्रत्येक मालिकेला मी अशी एक वही घालते. डाव्या पानावर माणसं : कोण कुणाला काय म्हणतं, कोण डावखुरं, कुणाला शेंगदाणे चालत नाहीत. उजव्या पानावर देणी. कुठल्याही भागात आपण प्रेक्षकाला एखादी गोष्ट दाखवून ती अर्धी सोडली, की ते देणं झालं. भाग नंबर, काय दाखवलं, फेडलं की नाही. फेडलं की लाल रेघ.

आज मोजली तर ३१ देणी उघडी आहेत. बरीचशी एका वाक्यात फिटतील. शेजारच्या काकांच्या गुडघ्याचं ऑपरेशन भाग २०८ मध्ये ठरलं होतं. ते शेवटच्या आठवड्यात काठीशिवाय जिना चढताना दिसले की झालं, संवादही नको. आजोबांच्या चष्म्याची काडी दोऱ्यानं बांधलेली आहे, नातीनं नवीन चष्म्याचं कबूल केलं होतं, तेही सोपं. तीन-चार देणी मात्र मोठी आहेत.

क्रमांक ७ वर बोट थांबलं. भाग ६३, जानेवारी २०२३. मोठ्या सुनेनं धाकट्या दिराच्या इंजिनीअरिंगच्या फीसाठी माहेरच्या दोन पाटल्या गहाण ठेवल्या. लाल बटव्यातून काढल्या, सोनाराच्या काट्यावर ठेवल्या आणि रिकामा बटवा घडी करून कमरेला खोचला. घरात फक्त सासूला ठाऊक. दीर आज नोकरीला लागलाय, त्याचं लग्नही आम्ही लावलं. पाटल्या तिथेच आहेत. दीड वर्ष!

६ जुलै

संध्याकाळी कर्वेनगरच्या कोपऱ्यावर भाजीला गेले. मावशींची गाडी गेली बारा वर्षं तिथेच लागते. मी मालिका लिहिते हे त्यांना माहीत आहे, पण 'पुढे काय होणार' असं त्यांनी कधी विचारलं नाही. त्यांना झालेल्याबद्दलच बोलायचं असतं. मेथीची जुडी निवडता निवडता म्हणाल्या, "ताई, त्या मोठ्या सुनेनं पाटल्या सोडवल्या का हो? का माझा भाग चुकला मधी?"

भाग चुकला नाही म्हणाले. पुढे काही बोलता येईना. बंद होणार हे सांगायची मुभा नव्हती.

घरी येऊन क्रमांक ७ भोवती चौकट केली.

८ जुलै

५२१ ते ५२३ पाठवले. ५२३ हा १७ तारखेचा, आषाढी एकादशीचा भाग. चॅनेलनं तो महिन्यापूर्वीच मागून ठेवला होता आणि आता बंद करायचं ठरल्यावरही तो हवाच आहे. साबुदाणा भिजवण्यावरून सासू-सुनेचा एक सीन लिहिला. सणाचा भाग म्हणजे सगळे नटून ओळीत उभे, अशी सवय लागलीय. मी दोघींनाच ठेवलं. एक पाणी किती घालायचं ते सांगते आणि दुसरी ते ऐकून न ऐकल्यासारखं करते. आवडला तिकडे.

९ जुलै

दोन तासांची मीटिंग फोनवर. कथाविस्तारवाले, ईपी, चॅनेलची क्रिएटिव्ह आणि मी. शेवटासाठी त्यांना घराची वाटणी थांबणं, आजोबांचा वाढदिवस आणि सगळ्यांचा एक फोटो एवढं पुरेसं वाटतं. मी पाटल्यांचं काढलं. क्रिएटिव्ह मुलगी गेल्या वर्षी आलीय, तिनं ६३ वा भाग पाहिलेला नाही. तिचा प्रश्न बरोबरच होता : "ताई, हे कुणाला आठवतंय?" आठवणाऱ्या बाईचं नाव-गाव मला सांगता आलं असतं, पण एका माणसाला आठवतंय यावर चॅनेलचा निर्णय होत नाही.

मग मी दुसऱ्या बाजूनं गेले. वाटणी थांबते कशामुळे? सध्याच्या वन लाइनमध्ये, म्हणजे सीनच्या त्रोटक आराखड्यात, थोरला भाऊ एक भाषण करतो आणि सगळे रडतात. मी म्हटलं, भाषणानं कुणाच्या घरातली वाटणी थांबत नाही. धाकट्याला कळू दे, की आपण ज्या पदवीच्या जोरावर वेगळं घर मागतोय, तिची फी वहिनीच्या हातातून गेली. तो काही न बोलता पाटल्या आणून ठेवतो. वाटणीचा विषय तिथेच संपतो.

थोडा वेळ कुणी बोललं नाही. मी तीन सीन मागितले होते, दोन मिळाले. एकात त्याला सासूकडून कळतं, दुसऱ्यात तो आणतो. भाषण राहणार, पण आखूड.

११ जुलै, गुरुवार

रात्री माझ्याबरोबर काम करणारी मुलगी आली. ती माझ्या कच्च्या पटकथेची सीनवार यादी करते, कंटिन्युटी, म्हणजे आधीच्या भागांशी मेळ, बघते. तिच्या कॉलेजची पुरुषोत्तम करंडक एकांकिका स्पर्धेची तालीम चालू आहे. पोरं रात्री अकरापर्यंत हॉल सोडत नाहीत, ती तिथूनच येते. मालिका बंद होणार म्हटल्यावर तिचा चेहरा उतरला. मग विचारलं, "ताई, तुम्ही यात आलात कशा?"

आले तीही त्याच वाटेनं. भरत नाट्य मंदिरात आमची एकांकिका झाली होती. करंडक नाही मिळाला, पण परीक्षकांपैकी एकानं बोलावून घेतलं आणि २००१ मध्ये एका मालिकेचे संवाद लिहायला बसवलं. तो काळच तसा होता. १५ ऑगस्ट १९९९ ला अल्फा मराठी सुरू झालं, पुढच्या वर्षी ईटीव्ही मराठी. त्याआधी मराठी मालिका म्हणजे दूरदर्शन. तेरा भाग मंजूर व्हायचे आणि लेखकाला तेराव्याचा शेवट पहिल्याच दिवशी माहीत असायचा. १९८४ ला सुरू झालेली 'हम लोग' दीडशेच्या वर भागांची होती, आणि तिच्यात आमच्या घरच्यांचं एक आख्खं वर्ष रंगलं होतं. रोजच्या मालिका आल्या आणि शेवट नावाची गोष्ट लेखकाच्या हातातून गेली. 'चार दिवस सासूचे' तीन हजार भागांच्या वर चालली. आमच्यासारखी पाचशेची मालिका आता लहान समजतात.

तेव्हा लिहायचे हातानं. कागदाच्या मधोमध उभी रेघ, डावीकडे दृश्य, उजवीकडे संवाद. कर्वे रोडवरच्या एसटीडीच्या दुकानातून फॅक्स करायचा. प्रत्येक पानाचे पैसे पडत, म्हणून अक्षर बारीक. मुंबईला कागद फिकट निघाला की सहायक दिग्दर्शकाचा शेजाऱ्यांकडे फोन येई : "तिसऱ्या पानावर आई काय म्हणते?" मी तो संवाद फोनवरून म्हणून दाखवायचे. त्या म्हणून दाखवण्यातच मला कळत गेलं, की कुठलं वाक्य तोंडात बसतं आणि कुठलं कागदावरच चांगलं दिसतं. पुढे टायपिंग आलं. फॉन्ट तिकडे नसला की आख्खी पटकथा चौकोन-चौकोन होऊन पोचायची. युनिकोडनं त्या त्रासातून सोडवलं.

तिला एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगितली. पुण्यात राहून हे काम करता येतं, मी केलं, पण त्याची किंमत आहे. शूटिंग घोडबंदर रोडला, चॅनेल मुंबईत. ज्या गोष्टी चहा पिताना ठरतात, त्या मला दुसऱ्या दिवशी कळतात. सुरुवातीची सहा वर्षं मी आठवड्यातून दोनदा डेक्कन क्वीननं गेले. सकाळी सव्वासातला पुणे स्टेशन सोडलं, की कर्जतपर्यंत दोन सीन व्हायचे.

१८ जुलै, गुरुवार

आकडे किंचित वाढले. बंद व्हायचं ठरल्यावर वाढतात, हे आधीही पाहिलंय. निर्णय बदलत नाही.

अडचण वेगळीच आली. दीर करणाऱ्या नटाला दुसरं काम लागलं. त्याचं काही चुकलं नाही, घर त्यालाही चालवायचंय. तारीख फक्त एक, ३० जुलै. त्याचे उरलेले सगळे सीन त्या दिवशी उरकायचे. माझ्या कागदावर त्याचे अकरा सीन होते. एका दिवसात सहा झाले तरी खूप.

आज दिवसभर त्याला घरातून बाहेर ठेवायचं काम केलं. तो ऑफिसच्या टूरवर. दोन सीन फोनवर ढकलले, त्याची बाजू तो आपल्या मोबाइलवर रेकॉर्ड करून पाठवेल. एका ठिकाणी त्याच्या बायकोच्या तोंडी त्याचं म्हणणं घातलं, आणि तो सीन आधीपेक्षा चांगला झाला, कारण ती सांगताना थोडं स्वतःचं मिसळते. हे शिकले २०२१ मध्ये. त्या एप्रिलला महाराष्ट्रात शूटिंग बंद झालं आणि मालिका गोव्याला, आणखी कुठे कुठे गेल्या. जेवढी माणसं तिथे, तेवढ्यांतच गोष्ट. अर्धं घर फोनवरच जगत होतं.

पाटल्यांचा सीन ३० तारखेलाच ठेवायला सांगितला, आणि सकाळी. रात्री दहानंतर दमलेल्या चेहऱ्यानं तो होणार नाही.

२२ जुलै

कॉस्च्युमच्या दादांना पाटल्यांबद्दल विचारून ठेवलं होतं. त्यांचा फोन आला. बटवा आहे, धुऊन ठेवलाय. पाटली एकच आहे. जोडीतली दुसरी मधल्या एका स्वप्नाच्या सीनसाठी नेली होती, ती परत आली नाही. तसली नक्षी आता बाजारात मिळत नाही, दोन दिवस हिंडलो म्हणाले. वेगळी जोडी आणू का?

वेगळी जोडी आणली तर कुणी ओळखणार नाही असं दिग्दर्शकही म्हणाले. मला ते पटेना. ६३ व्या भागात कॅमेरा त्या पाटल्यांवर चांगला रेंगाळला होता. काट्यावर ठेवल्या तेव्हा त्यांच्यावरच्या वेलीचा क्लोज होता. पाहणाऱ्यानं तो पाहिलाय.

रात्री जेवताना सुचलं. एकच आहे, तर एकच परत येऊ दे. दीड वर्षाचं व्याज चढलंय. नवीन नोकरी, लग्नाचा खर्च, दिराच्या हातात तेवढी रक्कम नाही. तो एक पाटली मोडतो आणि त्या पैशातून दुसरी सोडवतो. दोन्ही आणल्या असत्या, तर हिशोब पुरा होऊन सगळे सुखी झाले असते आणि वहिनीचं काय गेलं ते दिसलंच नसतं. आता ते तिच्या हातावर दिसेल. दादांना सांगितलं, काही आणू नका, हीच द्या.

२५ जुलै, गुरुवार

पहाटेपासून फोन. रात्रभराच्या पावसानं खडकवासल्यातून पाणी सोडलंय, आकडा पस्तीस हजार क्युसेकच्या वर गेला. सिंहगड रोडला एकतानगरीत सोसायट्यांच्या आत पाणी. डेक्कनला पुलाच्या वाडीजवळ विजेच्या धक्क्यानं तीन जण गेल्याची बातमी आली. हात थंड पडले. भिडे पूल पाण्याखाली आहे, शाळांना सुट्टी.

माझ्याबरोबर काम करणाऱ्या मुलीची खोली विठ्ठलवाडीजवळ, तळमजल्यावर. सातला तिला फोन लावला, नवाला लागला. ती आणि तिची मैत्रीण वरच्या मजल्यावरच्या काकूंकडे होत्या. पुस्तकं वाचवली, गादी गेली. दुपारी पाणी उतरल्यावर दोघी माझ्याकडे आल्या. आल्या आल्या गरम पाणी, मग पिठलं-भात.

आमच्याकडे दिवसभर वीज नाही. लॅपटॉप अकराला बंद पडला. ५३८ आणि ५३९ आज जायलाच हवे होते, उद्याचं कॉल शीट, म्हणजे शूटिंगचं वेळापत्रक, त्यावर होतं. हातानं लिहायला बसले. मधोमध उभी रेघ आपसूक मारली गेली. एकेक पान झालं की ती मुलगी फोटो काढून पाठवायची, तिच्या फोनला चाळीस टक्के चार्जिंग होतं. तिकडे सहायकानं टाइप केलं. रात्री आठला त्याचा फोन आला : "ताई, चौथ्या पानावर आजोबा काय म्हणतात?" मी म्हणून दाखवलं.

२७ जुलै

५४३ लिहिला. तो ९ ऑगस्टला, नागपंचमीला लागेल. त्या दिवशी चिरायचं नाही, तवा ठेवायचा नाही, म्हणून घरात पुरणाची दिंडं. वाफवायची असतात, त्यामुळे स्वयंपाकघरात विळी नाही, फोडणीचा आवाज नाही. शांत सीनला याहून चांगला दिवस मिळाला नसता.

तो इथे उतरवून ठेवते :

सीन ५. आत. स्वयंपाकघर. सकाळ.
(मोठी सून पातेल्यात चाळणी बसवतेय. हाताला पुरण. दीर दारात येतो, आत यावं की नाही असा उभा. मग येतो. ओट्यावर लाल बटवा ठेवतो. ती बटवा ओळखते. हात पुसत नाही.)
दीर : एक मोडली, वहिनी. तेव्हा दुसरी सुटली.
(ती बटव्याकडे बघते.)
मोठी सून : कुणी सांगितलं तुम्हाला?
दीर : आईनं.
(थांबते. पुरणाचा हात पुढे करते. तो पाटली काढून तिच्या हातात चढवतो. अडकते. ती स्वतः दाबून आत घेते.)
मोठी सून : झाकण द्या ते. वाफ जातेय.

पहिल्या खर्ड्यात तिच्या तोंडी सहा ओळी होत्या. त्याग, घर, आई-वडील. एकेक काढत गेले. शेवटी तिला बोलण्यासारखं काही उरलंच नाही, काम उरलं.

३० जुलै

पहाटेच्या शिवनेरीनं निघून सेटवर गेले, बऱ्याच महिन्यांनी. सीन सकाळी अकराला झाला. दुसऱ्या टेकला पाटली खरंच अडकली, लिहिल्यापेक्षा जास्त. नटी क्षणभर थांबली, मग अंगठा आत दुमडून जोरानं दाबली. दिग्दर्शकांनी कट म्हणायला उशीर केला. लाइटवाले दादा शिडीवरून खाली बघत होते.

दुपारी मागच्या अंगणाचा सेट उतरवायला सुरुवात झाली, तिथलं शूटिंग संपलंय. तुळस जिवंत होती, स्पॉट दादा घरी घेऊन गेले.

७ ऑगस्ट

५४३ ची एडिट बघायला मिळाली, तीही मागितली म्हणून. बावीस मिनिटांत बसवायला दीड मिनिट जास्त होतं. वाटणीच्या सीनला हात लावला नाही. पाटल्यांच्या सीनमध्ये सुरुवात काढलीय. दीर आत येतो, बटवा ठेवतो आणि थेट 'कुणी सांगितलं तुम्हाला?' 'एक मोडली, वहिनी' हे वाक्य गेलं.

लगेच फोन केला. ईपींनी नीट ऐकून घेतलं. पण भाग चॅनेलकडे गेलेला, परवा लागणार, आता उघडता येणार नाही. सीन त्याशिवायही भिडतोय म्हणाले. भिडतोय, हे मलाही दिसलं. पण ते वाक्य म्हणजे त्या मुलाची जबाबदारी होती. तो न मोडता एक आणू शकला असता, दुसरी नंतर आणतो म्हणू शकला असता. त्यानं मोडली आणि तोंडावर सांगितली. मला आज फार वाईट वाटलं.

१० ऑगस्ट

५४४ लागला. फोटो निघाला, आजोबांच्या नाकावर नवा चष्मा होता.

जुलैच्या भागांचं बिल केलं. पैसे प्रक्षेपणानंतर ९० दिवसांनी, १० टक्के टीडीएस कापून. म्हणजे या घराचे शेवटचे पैसे नोव्हेंबरात येतील, तोवर दुसरं घर उभं राहिलेलं हवं. एका नव्या मालिकेचा करार आलाय. सगळे हक्क कायमचे त्यांचे, रॉयल्टीचा उल्लेख नाही. कॉपीराइट कायद्याच्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर लेखकाचा रॉयल्टीचा हक्क करारानं सोडून देता येत नाही. तो जाऊ शकतो वारसांकडे नाहीतर कॉपीराइट सोसायटीकडे. त्या कलमाखाली पेन्सिलनं रेघ मारून परत पाठवला. त्यांचं काय उत्तर येतं ते बघू. माझ्याबरोबरच्या मुलीचं नाव संवाद-साहाय्य म्हणून श्रेयनामावलीत घाला, हेही लिहून कळवलं.

वहीत ३१ पैकी २८ लाल रेघा झाल्या. क्रमांक ७ वर पेन टेकवलं आणि उचललं.

१२ ऑगस्ट, सोमवार

श्रावणी सोमवार. भाजीला गेले. मावशींकडे भेंडी कोवळी होती. मी पिशवी पुढे केली, त्यांनी तराजू हातात घेतला आणि तसाच धरून ठेवला.

"ताई, एकच पाटली कशी? दोन होत्या."

"दोनच होत्या, मावशी. त्यानं एक मोडली. तेव्हा दुसरी सुटली. तो तिला तसं सांगतो, ते दाखवायचं राहिलं."

त्या थोडा वेळ गप्प होत्या. मागे रिक्षावाला हॉर्न वाजवत होता, त्याला हातानं थांब म्हणाल्या.

"व्याज चढलं असंल," म्हणाल्या. "दीड वर्ष म्हणजे चढणारच. सांगितलं ना पण त्यानं?"

"सांगितलं."

"मग बरंय."

भेंडी तोलली, वर दोन हिरव्या मिरच्या टाकल्या. घरी येऊन लाल पेन काढलं.